गृहकर्ज शेवटी कितीला पडतं? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

खालची बहुतेक उत्तरं एकाच उदाहरणावर बेतलेली आहेत. पुण्यात ६५ लाखांचा, बांधकाम सुरू असलेला फ्लॅट. कर्ज ५० लाख, दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं, महिन्याचा हप्ता ४३,३९१ रुपये. तुमचं कर्ज लहान-मोठं असेल, दरही वेगळा असेल. आकडे बदलतील, हिशेबाची रीत हीच राहील.

५० लाख घेतले तर बँकेला एकूण किती परत करायचे?

१ कोटी ४ लाख १४ हजार. त्यातलं ५४ लाख १४ हजार निव्वळ व्याज, म्हणजे मुद्दलाहून जास्त.

यात बँकेने काही लपवलेलं नसतं, पण हा आकडा कुणी आपणहून समोर ठेवतही नाही. बोलणं होतं ते ‘महिना त्रेचाळीस हजार जमतील ना?’ एवढंच. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या प्रत्येक किरकोळ कर्जासोबत ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ द्यावं लागतं. त्यात सगळे शुल्क धरून येणारा खरा वार्षिक दर, म्हणजे एपीआर, आणि परतफेडीचं वेळापत्रक असतं. हा कागद सही करण्याआधी मागा आणि घरी नेऊन वाचा. बँकेच्या टेबलावर बसून, समोरचा माणूस पेन पुढे करत असताना तो वाचून होत नाही.

इतकी वर्षं हप्ते भरतोय, तरी मुद्दल हलत का नाही?

कारण व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं आणि सुरुवातीला जवळजवळ सगळंच मुद्दल शिल्लक असतं. आपल्या उदाहरणात पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलात जमा होतात फक्त ७,९७४. पुढच्या महिन्यात मुद्दलाचा वाटा जेमतेम छप्पन रुपयांनी वाढतो. हप्त्यात मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा होतो तो १४३व्या हप्त्याला, म्हणजे बारा वर्षं संपत आल्यावर.

पाच वर्षांत तुम्ही २६ लाख भरलेले असता आणि मुद्दल फिटलेलं असतं सहा लाखांच्या आत. दहा वर्षांनी भरलेली रक्कम ५२ लाखांच्या वर गेलेली असते, म्हणजे घेतलं त्याहून जास्त, तरी ३५ लाख देणं बाकीच असतं. सातव्या-आठव्या वर्षी फ्लॅट विकायला काढणाऱ्यांना हे पहिल्यांदा कळतं आणि मग बँकेत भांडण होतं. बँकेचा हिशेब बरोबर असतो. ‘अर्धी मुदत संपली म्हणजे अर्धं कर्ज फिटलं’ हा आपला समज चुकीचा असतो.

मुदत वाढवून हप्ता कमी करून घेतला तर काय बिघडलं?

५० लाख, ८.५ टक्के, फक्त मुदत बदलून पाहा:

१५ वर्षं: हप्ता ४९,२३७, एकूण व्याज ३८.६३ लाख
२० वर्षं: हप्ता ४३,३९१, एकूण व्याज ५४.१४ लाख
२५ वर्षं: हप्ता ४०,२६१, एकूण व्याज ७०.७८ लाख
३० वर्षं: हप्ता ३८,४४६, एकूण व्याज ८८.४० लाख

वीसची तीस वर्षं केली की हप्ता पाच हजारांनीसुद्धा उतरत नाही, व्याज मात्र ३४ लाखांनी चढतं. पंचवीसची तीस केली तर महिन्याला १,८१५ रुपयांचा दिलासा मिळतो आणि त्याची किंमत साडेसतरा लाखांच्या वर जाते. माझ्या मते पंचवीस वर्षांच्या पुढची मुदत ही सवलत नाही. त्या मुदतीशिवाय हप्ता झेपत नसेल, तर घर एक खोलीने मोठं निवडलं गेलंय असं समजावं.

एक अपवाद मी मान्य करतो. नोकरी नवी आहे, पगार वाढणार हे नक्की आहे आणि दरवर्षी जादा भरायची शिस्त अंगात आहे, अशा माणसाने लांब मुदत घेऊन हात मोकळा ठेवला तर चालेल. पण ती शिस्त कर्ज घेताना सगळ्यांकडे असते आणि तिसऱ्या वर्षी फार थोड्यांकडे उरते.

पाव टक्का कमी दरासाठी चार बँका फिरणं योग्य आहे का?

फिरा, पण त्यातून किती वाचतं ते माहीत असू द्या. ८.५ ऐवजी ८.२५ टक्के मिळाला तर हप्ता ४२,६०३ होतो आणि वीस वर्षांत एक लाख ८९ हजार वाचतात. चांगलीच रक्कम आहे. फक्त तोच माणूस पाव टक्क्यासाठी महिनाभर घासाघीस करतो आणि शेवटी ‘सर, पंचवीस वर्षं करून देऊ का, हप्ता हलका होईल’ याला मान डोलावतो. त्या होकाराची किंमत सोळा लाखांच्या वर असते.

फ्लोटिंग, म्हणजे बाजारानुसार बदलणारा, दर वाढला तरी माझा हप्ता तेवढाच राहिला. मग दरवाढ मला लागली नाही ना?

लागली. ती हप्त्यात न दिसता मुदतीत गेली.

रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो, मे २०२० पासून दोन वर्षं ४ टक्के होता. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत तो ६.५ टक्क्यांवर गेला. समजा २०२० साली कुणी ५० लाख ६.७ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता ३७,८६९. दोन वर्षांनी शिल्लक राहिली साधारण ४७ लाख ४५ हजार आणि उरले २१६ हप्ते. आता दर अडीच टक्क्यांनी वाढून ९.२ झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर महिन्याचं व्याजच ३६,३७८ रुपये होतं. मुद्दलात पंधराशेसुद्धा जात नाहीत. २१६ हप्त्यांचे ४२३ होतात. अठरा वर्षं उरली होती, ती पस्तीसच्या वर गेली. कर्जदाराचं वय आड आलं की बँक इतकी मुदत देत नाही आणि हप्ता वाढवते, पण तोवर बरेच हप्ते जवळजवळ नुसत्या व्याजात गेलेले असतात.

याच घोळावरून रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. तिमाही विवरणात आजवर किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, किती हप्ते बाकी आहेत आणि दर किती आहे, हे दाखवायचं. हप्ता इतका कमी पडता कामा नये की व्याजही फिटणार नाही आणि मुद्दल उलट वाढत जाईल, हेही त्यात आहे. त्या विवरणात ‘बाकी हप्ते’ हाच आकडा आधी बघा. मागच्या तिमाहीपेक्षा तो वाढला असेल, तर तुमच्या वतीने निर्णय आधीच झालाय.

वरच्या उदाहरणात मुदत अठराच वर्षं ठेवायची तर हप्ता ४५,०२९ झाला असता, म्हणजे सात हजारांनी जास्त. झेपत असेल तर हा पर्याय लेखी मागावा. पूर्ण झेपत नसेल तर निम्मा तरी वाढवून घ्यावा.

आणि दर उतरले की?

तेव्हा हप्ता कमी करून घेऊ नका. फेब्रुवारी २०२५ पासून रेपो उतरू लागला आणि जूनपर्यंत ५.५ टक्क्यांवर आला. त्या वेळी ज्यांनी हप्ता होता तेवढाच ठेवला, त्यांची वाढलेली मुदत आपोआप आत आली. बँकेचा निरोप हप्ता कमी झाल्याचा असेल, तर अर्ज देऊन तो पूर्वीएवढा करून घेता येतो.

रेपो उतरला, शेजाऱ्याचा दर उतरला, माझा का नाही?

तुमचं कर्ज कशाला जोडलंय ते बघा. १ ऑक्टोबर २०१९ नंतर बँकांनी दिलेली फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला, बहुतेक वेळा रेपोला, जोडलेली असतात आणि तीन महिन्यांतून किमान एकदा त्यांचा दर बदलावा लागतो. त्याआधीची कर्जं एमसीएलआर (बँक स्वतःच्या निधीच्या खर्चावरून ठरवते तो दर) किंवा त्याहून जुन्या बेस रेटवर असू शकतात. तिथे दर चढताना पटकन चढतो आणि उतरताना रेंगाळतो. गृहवित्त कंपन्यांना तर हा रेपोचा नियमच लागू नाही. त्या आपला स्वतःचा मूळ दर ठरवतात.

उपाय सोपा आहे. त्याच बँकेत रूपांतर शुल्क भरून नव्या पद्धतीवर या. काही हजारांचं काम असतं. पण ते तुम्ही मागितल्याशिवाय होत नाही. जुन्या निष्ठावान ग्राहकापेक्षा नव्याला दर कमी मिळतो, याचा राग मलाही येतो. अर्ज मात्र राग गिळून करावा लागतो.

दुसऱ्या बँकेत कर्ज हलवलं तर?

आधी वरचा अर्ज करून बघा. ‘दुसरीकडून मंजुरीपत्र आलंय’ एवढं ऐकून पुष्कळदा दर तिथल्या तिथे उतरतो. तरीही नाही उतरला तर हिशेब मांडा. ४० लाख शिल्लक आहेत, १५ वर्षं बाकी आहेत आणि दर ८.५ वरून ८ होतोय, तर हप्ता १,१६४ रुपयांनी कमी होतो आणि उरलेल्या मुदतीत दोन लाख ९ हजार वाचतात. यातून नवी प्रोसेसिंग फी, वकील आणि मूल्यांकनाचा खर्च आणि तारणाचं मुद्रांक शुल्क वजा करा. शिल्लक कमी असेल किंवा वर्षं थोडी उरली असतील, तर बहुधा हातात काही उरत नाही. आणि हलवताना मुदत पुन्हा वीस वर्षं करून घेतली, तर फायदा तिथेच संपला.

काही महिने हप्ते थांबवण्याची सवलत मिळाली तर घ्यावी का?

घरात पैसाच नसेल तर घ्यावी. ती त्यासाठीच असते. मार्च ते ऑगस्ट २०२० मध्ये कोविडमुळे सगळ्यांना अशी मुभा मिळाली होती. पण पगार सुरू असूनही ‘मिळतेय तर घेऊ’ म्हणून ज्यांनी ती घेतली, त्यांनी फार महाग पैसा वापरला. कर्जाच्या अगदी सुरुवातीला सहा हप्ते थांबवले, व्याज मुद्दलात मिळालं आणि नंतर हप्ता तोच ठेवला, तर २४० हप्त्यांचे २७० होतात. सहा न भरल्याबद्दल तीस जास्त. रकमेत तेरा लाख. कर्ज संपत आलेलं असताना तीच सवलत घेतली तर फारसा फरक पडत नाही, कारण तेव्हा व्याज लागायला मुद्दलच थोडं उरलेलं असतं.

दोन लाख बोनस मिळालाय. कर्जात टाकू का? कधी टाकू?

जितक्या लवकर तितकं चांगलं, आणि टाकताना एक वाक्य अर्जात नक्की लिहा: ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी.’

पहिल्या वर्षाच्या शेवटी दोन लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर एकवीसहून जास्त हप्ते कटतात आणि सुमारे ७ लाख २९ हजार व्याज वाचतं. तेच दोन लाख, त्याच दिवशी भरले पण बँकेने मुदत तीच ठेवून हप्ता कमी केला, तर हप्ता १,७७१ रुपयांनी घटतो आणि व्याज वाचतं २ लाख ४ हजार. पैसे तेच, फरक सव्वापाच लाखांचा, आणि तो कुठल्या चौकटीत खूण केली यावर ठरतो. ॲपमधून भरताना ही चौकट आधीच भरलेली असते. ती बघितल्याशिवाय पुढचं बटण दाबू नका.

दोन लाख दहाव्या वर्षाच्या शेवटी भरले, तर मुदत कमी करूनही अडीच लाखच वाचतात. म्हणून ‘मुलीचं शिक्षण झालं की एकदम मोठी रक्कम भरू’ यापेक्षा सुरुवातीच्या वर्षांतले पन्नास-पन्नास हजार जास्त कामाचे.

व्यक्तीने घेतलेल्या फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व भरणा केला तर दंड लावता येत नाही. निश्चित दराच्या कर्जावर लागू शकतो, तेव्हा करारातलं ते कलम वाचा.

बोनस वगैरे मिळत नाही. पगार वाढतो तेवढाच. मग?

मग हप्ताच पगारासोबत वाढवा. दरवर्षी ५ टक्के. पहिल्या वर्षी ४३,३९१, दुसऱ्या वर्षी ४५,५६०, तिसऱ्या वर्षी ४७,८३८, असं करत गेलं तर वीस वर्षांचं कर्ज सव्वाबारा वर्षांत संपतं आणि सुमारे साडेएकोणीस लाख व्याज वाचतं. मला विचाराल तर या सगळ्या पानावरची सर्वांत कामाची गोष्ट हीच आहे, कारण तिला एकरकमी पैसा लागत नाही. वाढ हातात पडून खर्चात मुरण्याआधी ईसीएसची, म्हणजे खात्यातून आपोआप कापल्या जाणाऱ्या हप्त्याची, रक्कम बदलून घ्यायची, बस.

कर्ज फेडण्यापेक्षा एसआयपी (म्युच्युअल फंडात दरमहा ठरावीक गुंतवणूक) बरी, असं सगळे म्हणतात.

सगळे म्हणजे बहुधा एसआयपी विकणारे. तरी मुद्दा खरा आहे. शेअर बाजाराने वीस वर्षांत ८.५ टक्क्यांपेक्षा जास्त देण्याची शक्यता बरीच आहे. शक्यता आहे, हमी नाही. कर्जात भरलेल्या रुपयावर मात्र ८.५ टक्के नक्की सुटतात आणि त्या बचतीवर कर लागत नाही. मुदत ठेवीशी तुलना करा: ७ टक्क्यांची ठेव ३० टक्क्यांच्या कर टप्प्यातल्या माणसाला करानंतर ४.८ टक्के देते. एप्रिल २०२० पासून पीपीएफचा दर ७.१ आहे. म्हणजे घरात पंधरा लाखांची एफडी आणि डोक्यावर पस्तीस लाखांचं गृहकर्ज, अशी स्थिती असेल तर तुम्ही रोज थोडा तोटा करून घेताय. आपल्याकडे ही स्थिती फार घरांत दिसते. ठेव ‘आपली’ वाटते, कर्ज ‘बँकेचं’ वाटतं.

सगळी ठेव मोडा असं मी म्हणत नाही. सहा हप्त्यांएवढे, म्हणजे २ लाख ६० हजार, आणि सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला हवाच. पण तो पैसा नुसता पडून ठेवायचा नसेल, तर काही बँकांकडे ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज मिळतं. स्टेट बँकेचं मॅक्सगेन त्यातलंच. जादा पैसे खात्यात ठेवायचे, तेवढ्यावर व्याज लागत नाही आणि गरजेला ते काढता येतात. दर किंचित जास्त असतो. ज्यांच्याकडे लाख-दोन लाख कायम पडून असतात, त्यांनाच ते परवडतं.

व्याजाशिवाय आणखी काय काय लागतं?

६५ लाखांच्या फ्लॅटवर, कर्ज सुरू व्हायच्या आधीच:

बांधकाम सुरू असलेल्या घरावर ५ टक्के जीएसटी, म्हणजे सव्वातीन लाख. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेल्या तयार घराला जीएसटी नाही. परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत, म्हणजे ४५ लाखांच्या आत आणि ठरलेल्या चटईक्षेत्रात, बसलात तर १ टक्का.

पुण्यात मुद्रांक शुल्क सेससह ७ टक्के, म्हणजे ४ लाख ५५ हजार. मुंबईत ६ टक्के. करारनामा फक्त स्त्रीच्या नावे असेल तर महाराष्ट्रात १ टक्का सूट आहे. इथे ६५ हजार. नवऱ्याचं नाव जोडलं की ती जाते. नोंदणी शुल्क ३० हजार.

एवढ्याचीच बेरीज ८ लाख १० हजार झाली. यातली महत्त्वाची अडचण अशी की या रकमेवर बहुधा कर्ज मिळत नाही. ३० ते ७५ लाखांच्या कर्जात बँक घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त ८० टक्के देऊ शकते आणि त्या किमतीत मुद्रांक शुल्क व नोंदणी धरली जात नाही. म्हणजे स्वतःचे १५ लाख नव्हे, २३ लाख लागतात. ही आठ लाखांची फट पुष्कळ जण वैयक्तिक कर्जाने किंवा सोनं गहाण टाकून भरतात आणि तिथेच गृहकर्जाचा स्वस्तपणा संपतो.

शिवाय प्रोसेसिंग फी आणि त्यावर १८ टक्के जीएसटी, वकील, मूल्यांकन, तारणाचं मुद्रांक शुल्क. किंमत ५० लाख किंवा अधिक असल्याने १ टक्का टीडीएस कापून भरायची जबाबदारीही तुमची. तो जास्तीचा खर्च नाही, बिल्डरला द्यायच्या रकमेतूनच कापायचा असतो. पण भरायला विसरलात तर व्याज आणि विलंब शुल्क तुमच्या खिशातून जातं.

बँक म्हणते विमा घ्यावाच लागेल. खरं का?

तुम्ही गेलात तर कुटुंबावर कर्ज पडू नये म्हणून विमा हवा. बँक दाखवते तोच घ्यायला हवा असं नाही, आणि त्याचा हप्ता कर्जात मिसळायला तर मुळीच होकार देऊ नका. दीड लाखांचा एकरकमी प्रीमियम कर्जात मिळवला की तो ८.५ टक्क्यांनी वीस वर्षं चालतो आणि शेवटी ३ लाख १२ हजारांना पडतो. त्यातही अशा पॉलिसीचं संरक्षण बहुधा कर्जासोबत घटत जातं.

साधी मुदत विमा पॉलिसी स्वतंत्रपणे घ्या. विवाहित पुरुष ती १८७४ च्या विवाहित स्त्री मालमत्ता कायद्याखाली पत्नी-मुलांच्या नावे काढू शकतो. मग त्या पैशावर देणेकऱ्यांना हात टाकता येत नाही. घराचं कर्ज त्यातून फेडायचं की नाही, हे घरचे ठरवतील.

ताबा मिळेपर्यंत नुसतं व्याजच भरायचं, असं सांगितलंय. बरं आहे का?

सोयीचं आहे, स्वस्त नाही. याला प्री-ईएमआय म्हणतात. बिल्डरला जेवढी रक्कम गेली तेवढ्यावरचं व्याज तुम्ही भरता आणि मुद्दल जागचं हलत नाही. तीन वर्षं सरासरी २५ लाख वितरित झालेले असतील, तर व्याजात ६ लाख ३७ हजार जातात आणि ताब्याच्या दिवशी वीस वर्षांची मोजणी पहिल्या हप्त्यापासून सुरू होते. त्याच काळात राहत्या घराचं भाडंही चालू असतं. प्रकल्प रखडला तर हा आकडा नुसता वाढत जातो.

जमत असेल तर पूर्ण हप्ता लगेच सुरू करा. करारातली ताब्याची तारीख आणि महारेराच्या (राज्याच्या बांधकाम नियामकाच्या) संकेतस्थळावरची तारीख दोन्ही तपासा. ताबा लांबला तर महाराष्ट्रात बिल्डरने स्टेट बँकेच्या एमसीएलआरपेक्षा दोन टक्के जास्त दराने व्याज द्यायचं असतं. कायद्यात ते आहे. मिळवायला तक्रार आणि धीर लागतो.

प्राप्तिकरात सूट मिळते, त्यामुळे व्याज निम्म्यावर येतं म्हणतात.

येत नाही. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त २ लाखांची वजावट आहे. ३० टक्क्यांच्या टप्प्यात सेससह त्याने ६२,४०० रुपये वाचतात. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याज ४ लाख २१ हजार आहे. म्हणजे जेमतेम सातवा हिस्सा सुटला. मुद्दलाची वजावट दीड लाखांच्या मर्यादेत आहे खरी, पण ती जागा पीएफनेच भरलेली असते.

नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर काहीच मिळत नाही. भाड्याने दिलेल्या घराचं व्याज भाड्यातून वजा होतं, पण त्यापुढचा तोटा पगारातून वजा करता येत नाही. ‘टॅक्स वाचतो म्हणून कर्ज लवकर फेडू नकोस’ हा सल्ला ऐकला तर आधी विचारा, कोणत्या करपद्धतीत.

पण वीस वर्षांनंतरचे ४३ हजार म्हणजे आजचे ४३ हजार नव्हेत ना?

बरोबर, आणि हे न सांगता नुसती ५४ लाखांची भीती घालणं अप्रामाणिक ठरेल. महागाई ५ टक्के धरली तर शेवटच्या हप्त्याचं आजच्या पैशातलं मोल साधारण १६,३५० रुपये असेल. हप्ता तोच राहतो, पगार वाढतो, भार हलका होत जातो. कर्जाच्या बाजूचा हा खरा फायदा आहे. सुरुवातीची सात-आठ वर्षं मात्र तो जाणवत नाही, आणि अडचण येते ती नेमकी त्याच वर्षांत.

भाड्याशी तुलना करायची असेल तर सगळा खर्च मांडून करा. ६५ लाखांचा तसाच फ्लॅट १८ हजार भाड्याने मिळत असेल, तर वर्षाचं भाडं किमतीच्या ३.३ टक्के झालं, आणि कर्जाचा दर ८.५ आहे. निव्वळ पैशाच्या हिशेबात पहिली बरीच वर्षं भाडं जिंकतं. घरमालकाचा ‘अकरा महिने झाले, बघा आता’ हा फोन यायचा बंद होतो, त्याला तुम्ही किती किंमत देता हे मला इथून सांगता येणार नाही.

घर आपलं झाल्यावरचा खर्च यात धरायचा का?

धराच. सोसायटीचा देखभाल खर्च आणि मालमत्ता कर कर्ज फिटल्यावरही चालू राहतात. गृहनिर्माण सोसायट्यांच्या आदर्श उपविधींप्रमाणे दुरुस्ती निधी बांधकाम खर्चाच्या किमान ०.७५ टक्के आणि सिंकिंग फंड (पुढच्या मोठ्या कामांसाठीची राखीव रक्कम) किमान ०.२५ टक्के दरवर्षी जमवायचा असतो. पुष्कळ सोसायट्या तो नीट जमवत नाहीत आणि पंधराव्या वर्षी लिफ्ट व गळतीसाठी एकदम मोठी वर्गणी काढतात. जुना फ्लॅट घेताना सोसायटीचा ताळेबंद मागा.

मालमत्ता करात मुंबईत ५०० चौरस फुटांपर्यंतच्या घरांना २०२२ पासून माफी आहे. पुण्यात स्वतः राहत असल्यास ४० टक्के सवलत आहे, पण पीटी-३ अर्ज भरला तरच.

शेवटचा हप्ता भरला. आता काय करायचं?

बँकेकडून मूळ कागद परत घ्या. १ डिसेंबर २०२३ पासून नियम आहे: पूर्ण परतफेडीनंतर ३० दिवसांच्या आत मूळ कागदपत्रं परत करायची आणि बोजा उतरवायचा, बँकेच्या दोषामुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. कर्ज घेताना दिलेल्या कागदांची यादी जपून ठेवली असेल तर पान अन् पान जुळवून बघा. करारनामा, इंडेक्स टू (नोंदणीचा सारांश), नोंदणीची पावती, बिल्डरच्या पावत्या, सोसायटीचं भाग प्रमाणपत्र.

‘नो ड्यूज’, म्हणजे देणं बाकी नसल्याचं, पत्र घ्या. ते सोसायटीला देऊन त्यांच्या दप्तरातली बँकेच्या बोज्याची नोंद काढून घ्या. स्वतंत्र घर किंवा जमीन असेल तर सातबारा किंवा मालमत्ता पत्रकावरचा बोजाही कमी करून घ्यावा लागतो. त्यासाठी बँकेचं पत्र घेऊन तलाठी किंवा नगर भूमापन कार्यालयात जावं लागेल, बँक ते करून देईलच असं नाही. महिना-दीड महिन्याने सिबिलच्या पत अहवालात कर्ज बंद दिसतंय का ते पाहा, आणि ईसीएसचा आदेश रद्द झालाय का तेही.